फुकटातला गोजिरा

गेल्या पावसाळ्यात एका रात्री इंटरनेट आर्काइव्ह या फुकट ऑनलाइन संग्रहावर शोधाशोध करताना एकाच चित्रपटाच्या दोन फाइली एकाखाली एक समोर आल्या. दोन्हींवर नाव गॉडझिलाचे होते, दोन्हींवर चित्र तेच होते आणि दोन्हींच्या वर्णनात हा मूळ जपानी चित्रपट असल्याचे छातीठोकपणे लिहिले होते. फरक एवढाच, की एकीची लांबी ९६ मिनिटे होती आणि दुसरीची ८०. मधली १६ मिनिटे गेली कुठे, हे पाहावे म्हणून मी दोन्ही फाइली उतरवून घेतल्या आणि तिथपासून पुढचे चार महिने माझ्या रात्री जुन्या जपानी राक्षसपटांच्या हवाली झाल्या.

आधी नावाबद्दल, कारण मराठी माणसाला तिथेच ठेच लागते. या प्राण्याचे जपानी नाव 'गोजिरा'. 'गोरिरा' म्हणजे गोरिला आणि 'कुजिरा' म्हणजे देवमासा, या दोन शब्दांची सांधेजोड करून ते तयार झाले आहे. आपल्याकडे मात्र 'साजिरा-गोजिरा' हा जोडशब्द पाळण्यातल्या बाळासाठी राखीव आहे. मी चित्रपट लावला तेव्हा शेजारी बसून भाजी निवडणाऱ्या आईने पडद्यावरची घाबरलेली माणसे हे नाव ओरडताना ऐकले आणि "या एवढ्या ध्यानाला गोजिरा कुणी रे म्हटलं?" असे अगदी मनापासून विचारले. त्यानंतर आमच्या घरात गॉडझिला हे नाव कुणी उच्चारलेले नाही.

९६ मिनिटांचा 'गोजिरा' तोहो कंपनीने ३ नोव्हेंबर १९५४ रोजी जपानमध्ये प्रदर्शित केला. दिग्दर्शक इशिरो होंडा, विशेष दृश्यांची बाजू एइजी त्सुबुराया यांची आणि संगीत अकिरा इफुकुबे यांचे. त्याच वर्षी १ मार्चला अमेरिकेने बिकिनी प्रवाळद्वीपावर हायड्रोजन बॉम्बची चाचणी घेतली होती, आणि त्या चाचणीची किरणोत्सारी राख 'दाइगो फुकुर्यू मारू' या टूना पकडणाऱ्या जपानी बोटीवरील २३ खलाशांच्या अंगावर पडली होती. बोटीवरचे रेडिओचालक आइकिची कुबोयामा २३ सप्टेंबरला वारले, म्हणजे चित्रपट पडद्यावर येण्याच्या जेमतेम सहा आठवडे आधी. चित्रपटाची सुरुवातही एका बोटीच्या डेकवर होते. खलाशी निवांत बसलेले असतात, कुणी वाद्य वाजवत असतो, आणि अचानक समुद्र पांढऱ्या प्रकाशाने उजळतो. त्या वेळच्या जपानी प्रेक्षकाला या प्रकाशाचा अर्थ कुणी समजावून सांगण्याची गरज नव्हती. ती बोट आज तोक्योत युमेनोशिमा येथे जतन करून ठेवलेली आहे.

८० मिनिटांची फाइल उघडली तर पहिल्याच दृश्यात उद्ध्वस्त तोक्योच्या ढिगाऱ्यात एक अमेरिकन बातमीदार जखमी अवस्थेत पडलेला दिसतो आणि पुढची सगळी कथा त्याच्या आठवणीतून उलगडते. हे नट म्हणजे रेमंड बर. १९५६ साली अमेरिकेत चित्रपट आणताना तिथल्या वितरकांनी टेरी मोर्स यांच्याकडून बर यांची दृश्ये नव्याने चित्रित करून घेतली आणि मूळ चित्रपटात जागोजागी टाके घालून ती बसवली. हे टाके कसे घातले आहेत हे पाहण्यासारखे आहे. बर मूळ चित्रपटातील पात्रांशी बोलतात तेव्हा त्या पात्राची फक्त पाठ दिसते, कारण तिथे मूळ नटाऐवजी अमेरिकेत मिळालेला दुसरा नट उभा आहे. एकदा ही गोम कळली, की संपूर्ण चित्रपट पाठींचा खेळ वाटू लागतो. भर घातलेली दृश्ये लक्षात घेतली तर सोळा मिनिटे ही माझी वजाबाकीही फसवी होती, कारण मूळ चित्रपटातून त्याहून कितीतरी जास्त भाग उडवलेला आहे.

जे उडवले त्याची निवड बोलकी आहे. मूळ चित्रपटात रोजच्या रेल्वेप्रवासात एक तरुणी दोन पुरुषांशी बोलते. किरणोत्सारी टूना झाला, किरणोत्सारी पाऊस झाला, आता हा गोजिरा, अशी तक्रार ती महागाईबद्दल बोलावे तशा सुरात करते, आणि आपण नागासाकीतून कशाबशा वाचलो आहोत हेही जाता जाता सांगते. पुरुषांपैकी एक जण पुन्हा गाव सोडून आसरा शोधायला लागणार म्हणून वैतागतो. जेमतेम अर्ध्या मिनिटाचे हे दृश्य अमेरिकन आवृत्तीत नाही. शेवटही बदललेला आहे. मूळ चित्रपटात वृद्ध प्राध्यापक यामाने हा गोजिरा शेवटचा असेल असे मला वाटत नाही, चाचण्या चालूच राहिल्या तर जगात आणखी कुठेतरी दुसरा उठेल, असे स्वतःशी पुटपुटतात. अमेरिकन आवृत्तीत मात्र संकट टळले, आता जगाने सुखाने जगावे, अशी ग्वाही देऊन बर आपल्याला घरी पाठवतात. ज्या देशाने चाचण्या घेतल्या, त्या देशाच्या प्रेक्षकासाठी चाचण्यांचा उल्लेखच मवाळ करून टाकला, इतका सरळ हा मामला आहे.

तरीही ती आवृत्ती मी तुच्छतेने बाजूला सारणार नाही. गॉडझिला हे नाव जगभर पोहोचवले ते तिनेच. १९५७ साली ती चक्क जपानमध्ये परत येऊन प्रदर्शित झाली, म्हणजे माहेरच्या मुलीने सासरचे कपडे घालून माहेरी यावे तसे झाले. मूळ आवृत्तीला अमेरिकेतील चित्रपटगृहांत नीट प्रदर्शन मिळायला २००४ साल उजाडावे लागले. मात्र 'मूळ जपानी चित्रपट' या पाटीखाली तीच छाटलेली आवृत्ती वाढली जाते, तेव्हा माझी तक्रार सुरू होते. फुकटच्या संग्रहात जे जपानी राक्षसपट मुबलक मिळतात त्यांपैकी बहुतेकांची गत हीच आहे.

याचे कारण रसिकतेत नाही, कायद्यात आहे. अमेरिकेत १९६४ पूर्वी प्रकाशित झालेल्या कलाकृतीचा प्रताधिकार (कॉपीराइट) पहिल्यांदा २८ वर्षांसाठी असे, आणि अठ्ठाविसाव्या वर्षी नूतनीकरणाचा अर्ज केला नाही तर तो संपत असे. शिवाय चित्रपटावर प्रताधिकाराची सूचना छापणेही तेव्हा बंधनकारक होते. दूरचित्रवाणीसाठी घाईघाईने डबिंग करून, नाव बदलून, कापाकापी करून बाजारात सोडलेल्या प्रिंटांच्या बाबतीत या सोपस्कारांकडे कित्येकदा कुणी लक्षच दिले नाही. पुढे १ जानेवारी १९९६ पासून एका आंतरराष्ट्रीय कराराची अंमलबजावणी म्हणून अमेरिकेने परदेशी कलाकृतींचे असे गेलेले हक्क पुनरुज्जीवित केले. त्यामुळे जपानी मूळ चित्रपट पुन्हा कुंपणाच्या आत गेला आणि त्याचा अमेरिकन अवतार कधी कुंपणाबाहेर, तर कधी नेमका कुंपणावर बसलेला राहिला. संग्रहाच्या पानावर लावलेली 'प्रताधिकारमुक्त' ही चिठ्ठी बहुतेक वेळा फाइल चढवणाऱ्याने स्वतःच्या समजुतीने लावलेली असते. तिला निकालपत्र समजू नये.

जपानमधला हिशेब तर याहून मजेदार आहे. तिथे चित्रपटांचे संरक्षण ५० वर्षांवरून ७० वर्षांवर नेणारी दुरुस्ती १ जानेवारी २००४ रोजी लागू झाली. १९५३ सालच्या चित्रपटांची पन्नास वर्षे त्याच्या आदल्याच मध्यरात्री संपत होती, आणि तो एक क्षण त्यांना वाढीव मुदतीत घेतो की नाही यावरून कज्जे झाले. जपानच्या सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००७ मध्ये तो घेत नाही असा निर्णय दिला. खटला एका अमेरिकन चित्रपटाच्या स्वस्त डीव्हीडींवरून लढला गेला होता. 'गोजिरा' १९५४ चा, म्हणजे तो अलीकडच्या काठावर सुखरूप राहिला. शिवाय जुन्या कायद्यानुसार दिग्दर्शक कर्ता ठरला तर त्याच्या निधनानंतर ३८ वर्षे हक्क टिकतो, आणि होंडा १९९३ साली वारले. आपल्याकडे भारतात चित्रपटाचा प्रताधिकार प्रदर्शनाच्या पुढील वर्षारंभापासून ६० वर्षे असतो. त्या हिशेबाने चित्रपट म्हणून 'गोजिरा'ची मुदत इथे २०१४ च्या अखेरीस संपते, परंतु पटकथा आणि संगीत यांचे हक्क वेगळे मोजले जातात आणि इफुकुबे २००६ पर्यंत हयात होते. एकच राक्षस तीन देशांत तीन वेगवेगळ्या पिंजऱ्यांत आहे.

कायद्याचे हे पुराण बाजूला ठेवले, तरी फाइल उतरवण्याआधी ती पारखून घ्यावी लागते. पहिली कसोटी लांबीची, ती वर आलीच. दुसरी चौकटीची. तोहोने १९५७ पासून या प्रकारच्या चित्रपटांत रुंद पडदा वापरायला सुरुवात केली, आणि दूरचित्रवाणीच्या चौकोनी पडद्यावर तो बसवताना चित्राची चाळीस टक्क्यांहून अधिक रुंदी छाटली जाई. दोन राक्षस समोरासमोर उभे असतील तर एकाच्या नुसत्या नाकाशी दुसरा लढताना दिसतो. तिसरी कसोटी नावाची. १९५५ सालचा दुसरा गोजिरापट अमेरिकेत १९५९ साली 'जायगँटिस' असे भलतेच नाव देऊन आणला गेला आणि गॉडझिला या शब्दाने शोधणाऱ्याला तो सापडत नाही. म्हणून मी एका वहीत जपानी नाव, अमेरिकन नाव आणि लांबी असे तीन रकाने आखले आहेत आणि शोधताना जपानी लिपीतले नावही चिकटवून पाहतो. जपानी प्रेक्षक स्वतः वापरतात ते दोन शब्द फार उपयोगी पडतात. एक 'काइजू', म्हणजे विचित्र श्वापद, आणि दुसरा 'तोकुसात्सू', म्हणजे विशेष चित्रीकरण.

चौथी कसोटी रंगाची, आणि तिच्यामुळेच मला या सगळ्या खटाटोपातला सर्वांत लाडका चित्रपट सापडला. दाइएइ कंपनीचा १९५६ सालचा एक रंगीत चित्रपट आहे, जपानमधला पहिला रंगीत विज्ञानपट. त्याचे जपानी नाव साधारणपणे 'अंतराळमानव तोक्योत अवतरले' असे होते आणि अमेरिकेत तो 'वॉर्निंग फ्रॉम स्पेस' या नावाने दूरचित्रवाणीवर आला. संग्रहातील प्रत मी उघडली तेव्हा आकाश, समुद्र, झाडे, प्रयोगशाळेच्या भिंती असे सगळे फिक्या गुलाबी रंगाचे होते, जणू सारे तोक्यो कोकम सरबतात बुडवून काढले आहे. त्या काळच्या रंगीत प्रिंटांत निळसर हिरव्या रंगद्रव्याचा थर आधी विटतो आणि मागे लाल छटा उरते. गुलाबी प्रत दिसली, की ती जुन्या प्रिंटवरून थेट उतरवलेली आहे आणि कुणी तिच्यावर रंगाचे संस्कार केलेले नाहीत, असे समजायला हरकत नाही.

त्या गुलाबी धुक्यातून परग्रहवासी चालत येतात. ते तारामाशाच्या आकाराचे आहेत, पाच टोके आणि पोटाच्या मध्यभागी चमकणारा एकच मोठा डोळा. माणूस आत उभा राहून दोन्ही हात पसरतो तेव्हा वरची तीन टोके होतात आणि पायांची दोन, हे कापडाच्या सुरकुत्यांवरून सरळ कळते. गणेशोत्सवातल्या हलत्या देखाव्यात मंडळाचा एखादा कार्यकर्ता आत बसलेला असतो आणि ते ठाऊक असूनही आपण टक लावून बघतो, तसे मी बघत राहिलो. हे प्राणी पृथ्वीला सावध करायला आलेले आहेत आणि आपल्या रूपाला माणसे घाबरतात म्हणून त्यांच्यातील एक जण एका लोकप्रिय नर्तकीचे रूप घेतो. त्याआधी तिचे छायाचित्र पाहून माणूस हा प्राणी किती कुरूप आहे, अशी चर्चा ते आपापसांत करतात. या तारामाशांची रचना तारो ओकामोतो या चित्रकाराची आहे, ज्यांनी पुढे १९७० च्या ओसाका जागतिक प्रदर्शनासाठी ७० मीटर उंचीचा 'सूर्याचा मनोरा' उभारला. तो मनोरा आजही उभा आहे आणि त्याच्या पोटावरही एक चेहरा आहे. मनोऱ्याचे चित्र मी यापूर्वी अनेकदा पाहिले होते, पण त्याच्याकडे बघून हसू यायला तारामासे भेटावे लागले.

दाइएइचाच 'गामेरा' १९६५ चा, दिग्दर्शक नोरिआकी युआसा. हा एक अजस्र कासव असून तो पाय आत ओढून घेतो, त्या जागी आगीचे झोत सुटतात आणि तो भिरभिरत आकाशात उडतो. देवळात गाभाऱ्याकडे जाताना ज्या दगडी कासवाला आपण जन्मभर हात लावून पुढे गेलो, तोच उठून तबकडीसारखा उडाला तर कसे वाटेल, तसे काहीसे मला वाटले. एका कासववेड्या मुलाचा या राक्षसावर जीव जडतो आणि दीपगृह कोसळताना गामेरा त्या मुलाला अलगद वाचवतो. पुढे तोक्योची राखरांगोळी करताना मात्र तो इतर कुणाचीच गय करत नाही. संग्रहात बहुधा अमेरिकन आवृत्ती मिळते आणि गंमत म्हणजे ती मूळ ७८ मिनिटांपेक्षा लांब आहे, कारण तिच्यात अमेरिकन सेनाधिकाऱ्यांच्या बैठकांची दृश्ये भरली आहेत. राक्षस शहर जाळतो आहे आणि आपण टेबलाभोवतीचा खल ऐकतो आहोत. ही दृश्ये मी निःसंकोच पुढे ढकलतो. शिंतोहो कंपनीच्या 'सुपर जायंट' या महामानवाच्या मालिकेची गत त्याहून वाईट. नऊ छोटे चित्रपट कापून अमेरिकेत त्यांचे चार चित्रपट शिवले गेले आणि हे चारही फुकटात सहज मिळतात, पण कथानक कुठून कुठे उडी मारते ते विचारू नये.

काही गोष्टी कुठल्याच संग्रहात मिळणार नाहीत. १९३३ आणि १९३८ साली जपानमध्ये किंगकाँगवरून काढलेले दोन चित्रपट होते आणि दोन्ही नष्ट झाले आहेत. दुसऱ्यात हा वानर एदो काळात, म्हणजे शोगुनांच्या जुन्या राजवटीत, अवतरतो. त्याची काही छायाचित्रे तेवढी उरली आहेत. पुण्याच्या संग्रहालयात 'राजा हरिश्चंद्र'ची मोजकीच रिळे उरली असल्याचे ज्याला ठाऊक आहे, त्याला या बातमीचे नवल वाटणार नाही, वाईट मात्र तितकेच वाटेल. होंडांचा १९५५ सालचा हिममानवावरचा चित्रपट मात्र हरवलेला नाही. त्यातील डोंगरी वस्तीच्या आक्षेपार्ह चित्रणामुळे तोहोने तो घरगुती माध्यमांतून कधी विकायलाच काढला नाही, असे सर्वत्र मानले जाते. परिणामी जगाला ठाऊक आहे ती त्याचीही छाटलेली अमेरिकन आवृत्ती, तासाभराची.

राजरोस आणि फुकट असे काही हवे असेल तर तोएई कंपनीने २०२० मध्ये यूट्यूबवर उघडलेली वाहिनी आहे. तिच्यावर जुन्या तोकुसात्सू मालिकांचे सुरुवातीचे भाग इंग्रजी उपशीर्षकांसह पाहता येतात. चित्र इतके स्वच्छ की पोशाखाच्या पाठीवरची शिवण मोजावी.

हक्कांचा संशय असलेली फाइल उघडायची नाही, असा नियम मी या चार महिन्यांत बऱ्यापैकी पाळला आणि एकदाच मोडला. ऐंशीच्या दशकात दूरदर्शनवर 'जायंट रोबोट' लागायचा. तोएईची १९६७-६८ सालची ही २६ भागांची मालिका आपल्याकडे इंग्रजी डबिंगसह दाखवली जात असे. आमच्याकडे तेव्हा टीव्ही नव्हता. खालच्या मजल्यावरच्या काकूंकडे आम्ही आठ-दहा मुले सतरंजीवर बसून तो पाहत असू. इंग्रजी कुणालाच कळत नव्हते आणि त्याने काही बिघडतही नव्हते, कारण मनगटावरच्या घड्याळात बोलणारा आमच्याएवढा मुलगा आणि त्याच्या शब्दासरशी उठणारा लोखंडी राक्षस एवढे पुरेसे होते. शेवटच्या भागाच्या ऐन मध्यात वीज गेली. आम्ही अंधारात रडकुंडीला आलो तेव्हा काकूंनी, "येतो रे तो परत, मी मागच्या वेळी पाहिलंय," असे सांगून सगळ्यांच्या हातावर एकेक शेंगदाण्याचा लाडू ठेवला.

तो भाग त्या संग्रहात सापडला. चित्र पाणी पडल्यासारखे आणि आवाज विहिरीतून आल्यासारखा. रोबोट परत येत नाही. ज्याला गोळी लागली तर पृथ्वीच उडेल अशा शत्रूला तो, मुलाने आज्ञा दिलेली नसताना, स्वतःहून कवटाळतो, घेऊन अवकाशात जातो आणि एका अशनीवर आदळतो. खाली मुलगा घड्याळात परत ये, परत ये असे ओरडत राहतो. आवाजाची पट्टी तीच होती, इतक्या वर्षांनी ऐकूनही ओळखू आली.

दुसऱ्या दिवशी मी काकूंना फोन केला. त्या आता मुलाकडे नाशिकला असतात. "काकू, तो रोबोट परत येत नाही," मी म्हणालो. बराच वेळ पलीकडून काही नाही. मग, "तो घड्याळात बोलणारा पोरगा ना? अरे, मी कुठला बघितलाय. त्या वेळेला मी आत पोळ्या करत असे."